वहिवाट

कान्हेरीच्या डोंगरावर एक लहानसा ब्राह्मी लेख आहे. कल्याणच्या नंद नावाच्या लोहाराने इथे एक वाट दान केली, एवढीच नोंद त्यात आहे. याच डोंगरावर सातवाहनांपासून राष्ट्रकूटांपर्यंतच्या काळातले कितीतरी लेख आहेत. कुणी लेणं दिलं, कुणी पाण्याची पोढी दिली, कुणी भिक्षूंच्या वस्त्रांसाठी कायमची ठेव ठेवली. मला मात्र या सगळ्यांत तो लोहार जवळचा वाटतो. लेणं खोदणाऱ्यांच्या छिन्न्यांना धार लावणारे हात त्याच्यासारख्यांचेच असणार. त्याने दान दिली ती वाट. लेणं राहणाऱ्याचं असतं, वाट चालेल त्याची.

कान्हेरी ज्यात आहे त्या बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानाबद्दल बोलताना आपण एक शब्द फार सहज वापरतो: ‘उरलेलं’. मुंबई आणि ठाण्याच्या मधोमध सुमारे 104 चौरस किलोमीटर जंगल ‘उरलं’, जणू शहर पसरत आलं आणि एवढा तुकडा नजरेतून सुटला. मला हे पटत नाही. हे जंगल उरलेलं नाही, वापरातलं आहे. दोन हजार वर्षं माणसं त्यात येत-जात आहेत, राहत आहेत, त्याचं पाणी पीत आहेत. कायद्याच्या मराठीत यालाच वहिवाट म्हणतात. या उद्यानाचं पुढे काय करायचं हे ठरवताना तिचा हिशेब मांडला जात नाही, याची मला खंत आहे.

पाण्यापासूनच सुरुवात करतो. कान्हेरीला गेलात तर तिसऱ्या लेण्यातल्या उंच बुद्धमूर्ती पाहून परत फिरू नका. पायऱ्या चढून वर या आणि पायाखालच्या कातळाकडे पाहा. दोन-तीन बोटं रुंदीच्या पन्हळी खडकात कोरलेल्या दिसतील. पावसाचं पाणी उतारावरून या पन्हळीत येतं, पन्हळीतून लेण्याच्या अंगणातल्या पोढीत. शंभरावर लेणी आणि बहुतेकांच्या दाराशी स्वतःचं टाकं. श्रावणात एका पन्हळीत हात धरून बसलो होतो. पाणी कुठे उड्या मारत नव्हतं की साचत नव्हतं, चालत्या माणसाच्या गतीने वाहत होतं. उतार इतका नेमका साधायला किती पावसाळे नुसते पाहण्यात घालवले असतील!

पुढे पाण्याची हीच गरज शहराला पडली. 1860 साली विहार तलाव पुरा झाला आणि मुंबईला पहिल्यांदा नळाचं पाणी मिळालं. 1879 साली तुळशी. या तलावांचं पाणलोट क्षेत्र सांभाळायचं तर वरची झाडी सांभाळणं भाग होतं. आज आपण ज्याला निसर्गप्रेमाचं फळ समजतो त्याच्या मुळाशी शहराची तहान आहे. त्यात कमीपणा नाही. उलट, गरजेपोटी राखलेली गोष्ट जास्त टिकते असं मला वाटतं. मिठी आणि दहिसर या नद्यांचा उगम याच डोंगरांत आहे. खाली आपण त्यांचं काय केलं ते वेगळं सांगायला नको.

शिलोंड्याची वाट मी तीन-चारदा चाललो आहे. ओढ्याच्या काठाकाठाने जाणारी, फार चढ नसलेली, पण पावसाळा सरताना मन भरून टाकणारी. ऐन, कळंब, साग, मध्येच ओल्या पानांचा कुजट-गोड वास, आणि उतारावर कारवीचं रान. कारवी सात-आठ वर्षांनी एकदा फुलते. 2016 साली ती फुलली तेव्हा सगळा उतार निळा-जांभळा झाला होता आणि आम्ही शहरातली माणसं कॅमेरे सरसावून उभे होतो. सोबत पाड्यावरचा एक तरुण होता. त्याने एक दांडी वाकवून दाखवली आणि म्हणाला, “दादा, आमच्या घराचा कूड याचाच. फुलून मेली की काठी कडक होते.” आम्ही फुलं पाहत होतो, त्याला पुढची भिंत दिसत होती. ते रान पुरतं कळलं होतं ते त्याला.

इथे प्रश्न अवघड होतो. 1990च्या दशकात उद्यानाच्या कडेने झोपड्या वाढत गेल्या. पर्यावरणवादी न्यायालयात गेले, आणि 1997 साली मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर हजारो घरं हटवली गेली. तो आदेश नसता तर आज बरंचसं जंगल नसतं, हे मी मान्य करतो. पण त्या धामधुमीत काल आलेली चाळ आणि पिढ्यान्‌पिढ्यांचा पाडा एकाच ओळीत उभे राहिले. रावणपाडा, नवापाडा इथल्या वारली, कोकणा, मल्हार कोळी घरांना आपलं ‘असणं’ कागदावर सिद्ध करावं लागलं. 2006 सालच्या वनहक्क कायद्याने ही ऐतिहासिक चूक मान्य केली, पण मान्यता आणि अंमल यांत मोठं अंतर आहे.

वारली माणूस वाघबारशीला वाघोबाला पुजतो. हे जंगल बिबट्याचंही आहे हे त्याला कुणी शिकवावं लागत नाही. ते शिकण्याची वेळ आली ती आपल्यावर. 2004च्या सुमारास इथे माणसांवर हल्ले वाढले, तेव्हा पिंजरे लावा, उचलून दुसरीकडे सोडा, हा ओरडा झाला. जुन्नर परिसरात विद्या अत्रेय यांनी केलेल्या अभ्यासातून दिसलं की बिबट्या असा हलवल्याने संघर्ष मिटत नाही, वाढतो. त्याचीही वहिवाट असते. ती मोडली की तो बिथरतो.

म्हणून माझं म्हणणं सरळ आहे. या उद्यानातल्या वाटा पाड्यांच्या ताब्यात द्या. अधूनमधून वाटाड्या म्हणून रोजावर बोलावणं पुरेसं नाही. कोणती वाट कधी उघडायची, कुठे माणसं नेऊ नयेत, कारवीचं बी झडेपर्यंत कोणता उतार सोडून द्यायचा, हे ठरवण्यात त्यांचा शब्द चालला पाहिजे. ठाणे ते बोरिवली असा जुळा बोगदा याच डोंगरांच्या पोटातून जाणार आहे. शहराच्या घाईला वाट देता येते, तर मग ज्यांच्या पायांनी इथल्या वाटा मळल्या त्यांचं नाव नोंदवायला एवढा उशीर का?

कान्हेरीच्या पायथ्याशी एक बाई काकड्या विकायला बसते. मागच्या खेपेला संध्याकाळी आम्ही उतरलो तेव्हा रखवालदाराच्या शिट्ट्या सुरू झाल्या होत्या. लोक डांबरी रस्त्याने फाटकाकडे निघाले. बाईने उरलेल्या काकड्या टोपलीत भरल्या, मीठ-तिखटाची पुरचुंडी कमरेला खोचली, टोपली डोक्यावर घेतली आणि रस्ता ओलांडून कारवीत शिरली. मी तिथे दुपारभर बसलो होतो. तिथून आत वाट जाते हे मला तेव्हा दिसलं.