अपिलातील तडजोड आणि सत्याचा आग्रह

दोन चुलतभावांत सामायिक विहिरीच्या पाण्याचा दावा चालला होता, अशी कल्पना करावी. खालच्या न्यायालयाने धाकट्याच्या बाजूने हुकूमनामा दिला. थोरल्याने जिल्हा न्यायालयात अपील केले. तारखेस दोघेही एकाच एस.टी.ने जातात आणि एकमेकांकडे पाठ करून बसतात. अशा वेळी कोणी वडीलधारा तडजोडीची गोष्ट काढतो, तेव्हा धाकटा म्हणतो, "सत्य माझ्या बाजूचे ठरले आहे. आता काही सोडणे म्हणजे सत्यच सोडणे नव्हे काय?"

ही शंका हलकी नाही. पुष्कळ सज्जन वासनिक केवळ हिच्यापायी तडजोडीस नकार देतात.

समाधान असे की, येथे सत्य आणि हक्क या दोन भिन्न वस्तू एकत्र कालविल्या आहेत. हक्क ज्याचा असतो त्यास तो सोडता येतो. सत्य कोणाच्याच मालकीचे नसल्याने ते सोडण्याचा अधिकारही कोणास नाही. आठ पाळ्यांपैकी दोन पाळ्या भावास दिल्याने सत्य भंगत नाही. परंतु बापाने एकट्याने खोदलेली विहीर 'दोघांच्या वडिलांनी मिळून खोदली' असे त्याचा मान राखण्यासाठी तडजोडपत्रात लिहिले, तर ते भंगते.

कायद्याची दृष्टीही विचारात घेण्याजोगी आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ हिच्या आदेश २३, नियम ३ मध्ये १९७६ च्या दुरुस्तीने तडजोड लेखी व पक्षकारांच्या सहीची असावी असे घातले गेले. धाकाने वा फसवून घेतलेली सही ही कायदेशीर तडजोड मानली जात नाही. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर कलम ९६ अन्वये अपील नाही. म्हणून थकून, न वाचता सही करणे हे औदार्य नव्हे.

याहून सूक्ष्म प्रश्न दुसऱ्याच्या हक्काचा. त्या विहिरीत मयत भावाच्या अज्ञान मुलाचाही हिस्सा असेल आणि तो मुलगा पक्षकार असेल, तर न्यायालयाची स्पष्ट परवानगी घेतल्यावाचून त्याच्या वतीने तडजोड करता येत नाही, असे आदेश ३२, नियम ७ सांगतो. आपली पाळी देणे हा त्याग. पोरक्या पुतण्याची पाळी देऊन 'आम्ही सलोखा केला' म्हणणे यास काय म्हणावे? मठाच्या जमिनीचा वाद चालविणाऱ्या महंतांनीही हाच प्रश्न स्वतःस विचारावा. तेथे सोडावयाचे ते त्यांचे नसते, आणि हट्टाने लढविताना खर्च होणारे द्रव्यही त्यांचे नसते.

आणखी एक गोष्ट व्यवहाराची. 'पाणी सलोख्याने वाटून घ्यावे' असे मोघम वाक्य तडजोडपत्रात लिहू नये. वार, तास, पंपाच्या दुरुस्तीचा वाटा, सर्व लिहावे. चैत्रात विहीर तळ गाठते, तेव्हा त्या मोघम वाक्याचा अर्थ लावीत दोघे पुन्हा दरखास्तीसाठी वकिलाची पायरी चढतात.