मन एक की चैतन्य एक?

ठाकुर्लीस आमचे एक वयोवृद्ध स्नेही राहतात. सारी नोकरी विजेच्या कामात गेली. गळ्यात माळ आहे, एकादशी चुकत नाही, आणि मनन करण्याची हौस दांडगी. त्यांनी अलीकडे स्वतःचे एक तत्त्वज्ञान बसविले आहे. ते असे की, जगात मन एकच आहे. तुमचे मन, माझे मन असे जे आपण म्हणतो, ते एकाच तारेवर लावलेले निरनिराळे दिवे होत. म्हणून कोणाविषयी केलेला विचार वाया जात नाही, तो आतल्या आत त्याला पोहोचतोच. "बुवा, दुसऱ्याचं चांगलं चिंतावं आणि स्वस्थ बसावं. बोलाविचारायची गरजच काय?" असे ते मला म्हणाले.

हा दृष्टांत त्यांना सुचावा यात नवल नाही. जी. आय. पी. रेल्वेने उभारलेले चोळ्याचे पॉवर हाऊस आमच्या गावची खूणच होते. कोळसा इथे जळे आणि गाडी दूर कोठे तरी धावे. १९८०च्या दशकात ते बंद पडले, तरी जुन्या माणसांच्या बोलण्यात ते अजून चालूच आहे.

आता हे मत ऐकताना वारकऱ्याला गोड वाटते. आपल्या संतांनीही भूतमात्रांत एकच पाहावयास सांगितले आहे ना? मग काकांचे काय चुकले? मीही प्रथम मान डोलावली. घरी आल्यावर मात्र चुकल्याचुकल्यासारखे वाटू लागले, म्हणून गीतेचा तेरावा अध्याय काढून बसलो.

तेथे भगवंतांनी क्षेत्र आणि क्षेत्रज्ञ असे दोन वेगळे केले आहेत. क्षेत्र म्हणजे शेत, म्हणजे हे शरीर. त्या शेतात काय काय येते याची यादीच दिली आहे. पंचमहाभूते, अहंकार, बुद्धी, इंद्रिये, आणि त्यांच्याच रांगेत मन. इच्छा, द्वेष, सुख आणि दुःख हीही त्याच यादीत. सर्व क्षेत्रांत एक आहे तो त्यांना जाणणारा. म्हणजे एकपणा आहे तो जाणणाऱ्याचा, मनांचा नव्हे. मने शेताप्रमाणे ज्याची त्याची. माझ्या शेतात पाऊस पडला म्हणून शेजाऱ्याचे भात भिजत नाही.

काकांच्या मतासारखे मत जगात यापूर्वीही निघाले होते. स्पेनमधील कॉर्डोबाचा इब्न रुश्द हा मोठा मुसलमान पंडित ११९८ साली वारला. सर्व मनुष्यांत विचार करणारी बुद्धी एकच आहे असे तो मानी. पुढे पॅरिसला त्यावर मोठा वाद माजला आणि १२७० साली थॉमस अक्विनास या ख्रिस्ती साधूने त्याविरुद्ध एक ग्रंथच लिहिला. बुद्धी सर्वांची मिळून एकच असेल तर 'हा मनुष्य विचार करतो' असे म्हणायचे तरी कसे, हा त्याचा मुद्दा. आपल्याकडे शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, नेवाश्यास ज्ञानेश्वरी पुरी झाली, ती यानंतर वीसच वर्षांनी. प्रश्न तेव्हाही जगाला पडलेलाच होता.

पण मला खरे बळ मिळाले ते चांगदेवाच्या पत्रातून. ती कथा आपण कीर्तनात शेकडो वेळा ऐकली आहे. चौदाशे वर्षांचा योगी, सिद्धी हात जोडून उभ्या. आणि आळंदीच्या त्या कोवळ्या पोराला पत्र लिहायचे तर मायना काय घालावा हेच सुचेना. वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा, की ज्ञानाने थोर म्हणून नमस्कार? शेवटी कोराच कागद धाडला. मुक्ताबाई हसली, एवढी वर्षे जगून हा कोराच राहिला म्हणाली. आपण येथपर्यंत ऐकतो आणि आपणही हसतो. मी पुढचे म्हणतो. माउलींनी काय केले? मने जर तारेने जोडलेली असती तर त्यांनी डोळे मिटून उत्तर पाठविले असते. एवढा अधिकार दुसऱ्या कोणाचा होता? पण त्यांनी उत्तर लिहविले, चांगले पासष्ट ओव्यांचे, आणि ते नेऊन पोहोचविण्यास माणूस लागला. त्या ओव्यांत सांगायचे तरी काय होते? पाहणारा आणि पाहिला जाणारा दोन नाहीत, हेच. दोन नाहीत हे सांगण्यासाठी एकाने दुसऱ्याला पत्र लिहावे, यात मोठे रहस्य आहे असे मला वाटते.

आणि खरे सांगायचे तर पोथीतून नव्हे, माझ्या एका चुकीतून मला हे प्रथम कळले होते.

चाळीसएक वर्षांपूर्वीची गोष्ट. सकाळच्या गाडीला आमचे भजन असे. कल्याणची मंडळी आधीच बसलेली, आम्ही ठाकुर्लीस चढायचो, डोंबिवलीपासून पुढे पाय ठेवायला जागा नसे. माझ्या शेजारी एक टाळकरी बसे. त्याचा टाळ इतका नेमका की माझा चुकला तर मी त्याच्याकडे पाही. दोघांचे मन एक झाले आहे असे मला रोज वाटे, आणि त्या वाटण्याचा आनंदही होई. त्याचा कारखाना बंद पडून तीन महिने झाले होते. घरी सांगवेना म्हणून तो रोज डबा घेऊन निघे आणि दिवसभर कोठे तरी बसून संध्याकाळच्या गाडीने परत येई. तीन महिने मी त्याच्या खांद्याला खांदा लावून माउलीचे नाव घेत होतो. मला पत्ता नाही.

कळले ते आमच्या पखवाजवाल्या म्हाताऱ्याला. अक्षरशत्रू माणूस. एके दिवशी जागा करताना त्याने टाळकऱ्याची पिशवी उचलली, हातात तोलून पाहिली आणि म्हणाला, "आरं, डबा रिकामा कसा रं तुजा?" गडी ढसाढसा रडला. घरात दाणा नव्हता. बायकोला कळू नये म्हणून स्वतःचा डबा तो रिकामाच भरून आणत होता.

पुढे मंडळींनी खटपट करून त्याला कल्याणला एका दुकानात चिकटविले. मी त्याला एकदा विचारले, "मला तरी सांगायचंस की रे." तो म्हणाला, "माउली, तुम्ही विचारलं कुठं?"

हे सारे मी काकांना सांगितले. विजेचा दृष्टांतही त्यांच्याच अंगणात नेला. म्हटले, काका, तार वरून जाते, वीज तिच्यात भरलेली असते. पण गाडीच्या टपावरची ती कमान वर होऊन तारेला लागली नाही तर गाडी जागची हलते का? आणि एक दिवा विझला तर त्याच तारेवरच्या दुसऱ्या दिव्याला त्याची खबर असते का?

ते बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "ते खरं. पण मला सांगा बुवा, डब्यात पन्नास माणसं होती. पिशव्या रोज इकडच्या तिकडे होत होत्या. त्या म्हाताऱ्यालाच ती हलकी का लागली? तीच माझी तार."

मी म्हटले, "काका, त्यानं ती हातानं उचलली होती."

ते हसले. पण त्यांचे समाधान झालेले दिसले नाही, आणि माझेही पुरते झालेले नाही.