पाठीमागची जागा

गाडी बंद आहे. किल्ली लावलेली आहे, फिरवलेली नाही.

तुम्ही चालकाच्या जागी बसला आहात. दोन्ही हात मांडीवर सोडून द्या. काच खाली घ्या.

बाहेर नागावमधली एक वाडी आहे. नारळ, पोफळी, त्यांच्या बुंध्यांवर चढलेले मिरीचे वेल. वाडीपलीकडे समुद्र आहे. इथून तो दिसत नाही, ऐकू येतो.

ऐका.

लाट फुटते. परत जाताना वाळू ओढून नेते. मग थोडा वेळ काहीच नाही.

त्या थोड्या वेळात श्वास सोडा.

आता मान न वळवता, आरशात न बघता, लक्ष हळूहळू मागे न्या. मानेच्या मागे. सीटच्या मागे. मागच्या बाकावरून, त्याच्याही मागच्या सामानाच्या जागेवरून, मागच्या काचेपर्यंत.

काचेच्या बाहेर, बंपरला लागून, अगदी जमिनीलगत, आत्ता काय आहे?

सांगता येत नाही.

तिथेच थांबा. अजून गाडी हलवू नका.

ही गाडी स्टेशन वॅगन आहे. टाटांची इंडिगो मरिना, २००४ साली बाजारात आलेली. छप्पर मागच्या दारापर्यंत सरळ गेलेले. माणसे आणि सामान एकाच छपराखाली. त्याच्याही आधी, १९९२ मध्ये, टाटांनी ‘इस्टेट’ काढली होती. आपल्याकडे हा घाट फारसा रुजला नाही. गाडीला वेगळी उठून दिसणारी डिकी असली तरच ती गाडी, असे लोकांना वाटत राहिले. ज्यांनी वॅगन घेतली त्यांनी मात्र ती सोडली नाही. सोललेल्या नारळांची पोती, आंब्याच्या पेट्या, लग्नघरची पातेली, सगळे मागच्या दाराने आत जाते.

पोती भरली की मधल्या आरशात गोणपाट दिसते.

बाजूचे आरसे आपापली कड दाखवतात. एका आरशात गडग्याचे दगड. दुसऱ्यात जास्वंदीची फांदी. मधली जागा कुणीच दाखवत नाही.

त्या मधल्या जागेपाशी राहा.

पहिल्यांदा ती रिकामी वाटते. जरा वेळ द्या. वाडीत ती कधीच रिकामी नसते. कोंबडी माती उकरत असते. गाडीखालची माती थंड असते म्हणून कुत्रे येऊन पडते. कुणी सुपारी वाळत घातलेली असते. उपडे ठेवलेले घमेले असते. आणि कधी एखादे मूल उकिडवे बसून हरवलेली गोटी शोधत असते.

मूल उभे असले तर कदाचित दिसेल. बसले की दिसत नाही.

इथे जरा थांबा. पुढे जायची घाई नाही.

अमेरिकेत २००२ साली एक डॉक्टर आपल्याच घरासमोर गाडी मागे घेत होता. त्याचा दोन वर्षांचा मुलगा गाडीच्या मागे आला होता. तो वाचला नाही.

पुढे त्या मुलाच्या नावाने कायदा झाला. २००८ मध्ये त्यावर सही झाली. मे २०१८ पासून तिथल्या बाजारासाठी बनणाऱ्या प्रत्येक नव्या मोटारीला मागचा कॅमेरा सक्तीचा आहे. कायद्यापासून सक्तीपर्यंत दहा वर्षे गेली. यावर बोलण्यासारखे पुष्कळ आहे. आत्ता ते राहू द्या.

आत्ता त्या नियमातली दोनच मोजमापे घ्या.

पहिले जागेचे. गाडीच्या मागची दहा फूट रुंद आणि वीस फूट लांब जागा पडद्यावर दिसली पाहिजे. मनातल्या मनात ती या वाडीत आखा. दहा फूट म्हणजे गडग्यापासून जास्वंदीपर्यंत. वीस फूट म्हणजे विहिरीच्या कठड्यापर्यंत. एवढी माती. एवढीच.

दुसरे वेळेचे. रिव्हर्स टाकल्यापासून दोन सेकंदांच्या आत चित्र उमटले पाहिजे.

दोन सेकंद. एक श्वास आत येतो, तेवढा वेळ.

घेऊन बघा.

पुन्हा एकदा.

आपल्याकडे १ जुलै २०१९ पासून नव्या मोटारींना मागचे सेन्सर सक्तीचे झाले. ते बघत नाहीत, काही जवळ आले की टुकटुक करतात. ही गाडी त्याआधीची. तिच्या पिढीतल्या कित्येक गाड्या रिव्हर्स टाकला की एखादी धून वाजवायच्या. कानाला फार गोड नव्हती ती, पण वाडीच्या टोकापर्यंत जायची.

आता उतरा. मागे या. अनवाणी आलात तरी चालेल.

मागचा कॅमेरा बसवायला अलिबागहून वायरिंगवाला आला आहे. पिशवी त्याने ओट्यावर ठेवली आहे. त्याच्या हातांकडे बघा.

मागचे दार वर जाते. दाराच्या आतले प्लास्टिकचे आवरण क्लिपांवर बसलेले आहे. तो कडेने बोटे फिरवत चाचपतो. एक क्लिप सुटते. टक्. दुसरी. टक्. जुन्या गाडीच्या क्लिपा खेचल्या की तुटतात, म्हणून तो खेचत नाही, नुसता दाब वाढवत राहतो.

दोन आवाजांच्या मध्ये समुद्र येतो. ऐका.

आवरण निघते. आत धूळ आहे, कोळ्याचे जाळे आहे, आणि चिमूटभर वाळू. काशिदची असेल, किहीमची असेल, कुठल्या तरी मे महिन्यातली.

ती बोटावर घ्या. चोळून बघा.

ओट्यावर, कागदावर कॅमेरा ठेवला आहे. करवंदाएवढा. तळहातावर घ्या. त्याला वजन म्हणावे असे काही नाही.

भिंग स्वतःकडे वळवा. त्यात बघा. बारीक झालेला तुमचा चेहरा. मागे नारळाचे शेंडे. वर आभाळ. भिंग पसरट बघते. एवढ्याशा जागेत सगळी वाडी बसवते, आणि म्हणून जवळच्या गोष्टी लांब ढकलते. पुढे याची गरज पडेल.

आता नुसते बघत राहा.

नंबर प्लेटच्या वर, बरोबर मध्यावर तो पेन्सिलने खूण करतो. खिळा ठेवून हलका ठोका मारतो, ड्रिल घसरू नये म्हणून. मग ड्रिल. आवाज कानात जाऊ द्या, अंग आखडू नका. तापलेल्या पत्र्याचा वास येतो.

थांबले.

पत्र्याला आता भोक आहे. तो रंगाच्या ब्रशने लोखंडाचा किस झाडतो, मग फडक्याने पुसतो, मग पुन्हा झाडतो. इथल्या खाऱ्या हवेत हा किस पाहता पाहता तांबूस होतो. भोकाच्या उघड्या कडेला तो रंग लावतो. गोल. एकदा बाहेरून, एकदा आतून.

रंग वाळेपर्यंत काही करायचे नाही.

हा भाग मला सगळ्यात आवडतो. पुष्कळ जण तो गाळतात. भोक पाडले, कॅमेरा अडकवला, पैसे घेतले. किनाऱ्यावर गंज नेमका त्या गाळलेल्या जागेतून आत शिरतो.

म्हणून बसा. गडग्यावर बसा. चहा आला तर घ्या.

रंग वाळतो आहे. तुम्ही काही करत नाही. वायरिंगवाला काही करत नाही. पोफळींमधून वारा येतो, झावळ्या एकमेकींवर घासतात.

श्वास आत.

श्वास बाहेर.

बोट लावून बघायचा मोह होईल. लावू नका.

वाळला. भोकात रबराची कडी बसते. तिच्यातून वायर आत जाते. कॅमेरा जागेवर बसतो आणि खाली मातीकडे बघू लागतो.

त्याला अजून काही दिसत नाही.

दार आणि छप्पर जिथे बिजागरीपाशी जुळतात तिथे सुरकुत्यांची रबरी नळी आहे. दाराच्या सगळ्या वायरी तिच्यातूनच जातात. त्या दाटीत तो आधी एक कडक तार सारतो. तारेच्या टोकाला केबल बांधतो. साबणाच्या पाण्याचा हात फिरवतो. तार ओढतो. अडते. थोडी मागे. पुन्हा पुढे.

तुमचा श्वास अडला आहे का? सोडा.

केबल छपराकडच्या बाजूने बाहेर येते. आता ती पुढे जायची. छताच्या अस्तराखाली, दारांच्या रबरी पट्टीआड, बोटाबोटाने. त्याच्या हाताबरोबर तुम्हीही बाहेरून चाला. मागचे दार. मागचा बाक. मधला खांब. तुमची सीट.

मघाशी तुमचे लक्ष याच वाटेने मागे गेले होते. आता मागची जागा पुढे येते आहे.

कॅमेऱ्याची लाल वायर तो रिव्हर्सच्या दिव्याच्या वायरीला जोडतो. काळी वायर, रंग खरवडून उघड्या पत्र्याला. नुसत्या टेपवर तो भागवत नाही. पावसाळ्यात टेप चिकट होऊन सुटते. सोल्डर करतो, वर बारीक नळी चढवून ती लायटरने तापवतो. नळी आवळते.

म्हणजे हा डोळा एरवी मिटलेला. रिव्हर्स पडला, दिव्याला बारा व्होल्ट मिळाले, की तो उघडणार. गिअर बदलला की मिटणार.

पडदा मधल्या आरशात आहे. जुन्या आरशावर नवा आरसा क्लिपांनी बसवला आहे. बंद असताना त्यात तुमचे कपाळ दिसते, बाकी काही नाही.

“काकू, जरा मागे उभ्या राहता का?” तो शेजारी हाक मारतो. काकू हातातले सूप घेऊनच येतात. उजवा हात वर करतात. पडद्यावर तो भलत्याच बाजूला वर होतो. वायरीचा एक लहानसा लूप असतो, तो कापला की चित्र उलटे होते आणि आरशाशी जुळते. कापतो. “आता?” आता गडगा गडग्याच्या बाजूला आहे.

दुसरा लूप रंगीत रेषांचा. हिरवी, पिवळी, लाल. माझे ऐकाल तर त्या काढून टाका. रेषा असल्या की डोळा रेषांनाच बघतो, माती राहून जाते.

दुपार कलली आहे. तुम्ही पुन्हा स्टिअरिंगमागे आहात.

अजून गाडी हलवू नका. आधी एक आवाज आठवा.

इथून दक्षिणेला चौल, रेवदंडा, मुरूडकडे जाणारा रस्ता वाड्यांमधून जातो. कित्येक ठिकाणी दोन गाड्या समोरासमोर आल्या की एकीने मागे जायचे. समोर एस.टी. असेल तर प्रश्नच नाही, तुम्हीच जायचे. अशा वेळी कुठून तरी कुणीतरी येतो. सायकल टेकवून, पिशवी खाली ठेवून तुमच्या गाडीमागे उभा राहतो.

“येऊ द्या. येऊ द्या. येऊ द्या. बस्स.”

तो आवाज कानात येऊ द्या. नाव माहीत नाही, चेहरा आरशात अर्धाच दिसतो. तरी तुम्ही त्याच्यावर सगळी गाडी सोपवता. तो ‘येऊ द्या’ म्हणतो तोवर मागची जागा मोकळी आहे.

शेवटच्या ‘बस्स’च्या आधीचा क्षण धरून ठेवा. त्या क्षणी तुमचा पाय कुठे असतो? खांदे कसे असतात?

खांदे खाली सोडा.

किल्ली फिरवा. क्लच दाबा. रिव्हर्स टाका.

पडदा काळा आहे. श्वास आत घ्या.

चित्र उमटते.

गाडीची पाठ पश्चिमेला आहे. कललेले ऊन थेट भिंगात शिरते. पडद्याचा वरचा भाग पांढरा पडला आहे. खाली थोडी माती, विहिरीचा कठडा, कठड्याच्या अलीकडे एक काळपट आडवी रेघ.

तिच्याकडे बघा. सावली असेल. पाण्याचा पाइप असेल. दिसते त्याहून ती जवळ आहे, हे करवंदाएवढ्या भिंगाने मघाशीच सांगितले होते.

पडद्याला आणखी विचारू नका. त्याला यापेक्षा जास्त दिसत नाही.

गाडी न्यूट्रल करा. हँडब्रेक ओढा. उतरा, मागे जा.

झावळी आहे. आत्ताच पडलेली, देठ अजून ओला. देठाला धरून ओढा. जड आहे, दोन्ही हात लावा. गडग्याला उभी करून ठेवा, काकूंना खराट्याला हीर होतील. हात झटका. भिंगावर बोटाचा ठसा उमटला असेल तर ओल्या फडक्याने पुसा. समुद्राच्या वाऱ्यात तसेही ते चार-आठ दिवसांनी पुसावेच लागणार आहे.

काकू कुठे उभ्या आहेत ते बघा. कुत्रे कुठे आहे ते बघा.

बसा. पट्टा लावा. आता घ्या मागे.