सालोमालो, पटकथाकार आणि नावाचे ऋण

आरंभीच्या मराठी बोलपटाची चर्चा बहुधा चित्रसंस्थेच्या, दिग्दर्शकाच्या नाहीतर नटाच्या नावाने होते. १९३६चा ‘संत तुकाराम’ हा ‘प्रभात’चा, दामले-फत्तेलालांचा, विष्णुपंत पागनिसांचा, १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला, हेही सर्वश्रुत आहे. मात्र तो लिहिणारे शिवराम वाशीकर हे नाव वाङ्मयेतिहासात क्वचितच भेटते. ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०), ‘रामशास्त्री’ (१९४४) हे चित्रपट लिहूनही ते श्रेयनामावलीपुरतेच उरले. हे विस्मरण म्हणजे लेखकावरील अन्याय, की त्याच्या लेखनाची सिद्धी?

सिद्धी म्हणण्यास आधार आहे. संताच्या तोंडी स्वतःचे शब्द घालणाऱ्याची आठवण प्रेक्षकाला झाली, की ते शब्द फसले. याच चित्रपटासाठी शांताराम आठवले यांनी रचलेले ‘आधी बीज एकले’ हे गीत अनेकांनी तुकारामांचाच अभंग मानले. लेखकाचे आत्मविलोपन याहून पूर्ण ते कोणते?

परंतु याच चित्रपटात सालोमालो आहे. तो तुकारामांचे अभंग आपल्या नावावर खपवतो. तो दुसऱ्याचे शब्द स्वतःचे करतो. पटकथाकार आणि गीतकार स्वतःचे शब्द दुसऱ्याचे करतात. शब्द आणि नाव यांची फारकत दोन्हीकडे आहे. तरी नैतिकदृष्ट्या ती एक नव्हे. सालोमालो मुद्रा पुसतो. आठवल्यांच्या गीतात ‘तुका म्हणे’ ही मुद्राच नाही; ती श्रोत्यांनी मनोमन लावली. म्हणजे येथे फसवणूक नाही. परिणाम मात्र आहे. गाथेत अद्वैताचा स्वर आहे, तसाच ऐक्य नाकारून भक्तिसुख मागणाराही आहे. अंती ब्रह्माच्या एकत्वावर स्थिरावणारे गीत तुकारामांचे मानले, की हा ताण एका बाजूला कलतो. प्रक्षेप सुंदर असला म्हणून निरुपद्रवी ठरत नाही.

यावर कोणी म्हणेल, कर्त्याचे नाव शोधण्याचा अट्टहास आधुनिकच आहे. आमच्या भंडारा जिल्ह्यातील दंडारीत परंपरेने आलेल्या पदांचा कर्ता कोण, हे प्रेक्षक विचारीत नाही. रोलां बार्थ यांनीही १९६७ मध्ये ‘लेखकाचा मृत्यू’ घोषित केला. पण दंडारीतील अनामिकता ही मौखिक परंपरेची अट आहे; पद गाणाऱ्यागणिक बदलते. बोलपटाची संहिता विशिष्ट व्यक्तीने मोबदला घेऊन लिहिलेली असते, तिचे नाव पडद्यावर उमटलेले असते. तेथील अनामिकता परंपरेतून नव्हे, आपल्या न वाचण्यातून येते. शिवाय बार्थ यांना अर्थावरील लेखकाची अधिसत्ता नाकारायची होती. ज्याला ती कधी मिळालीच नाही, त्याचा मृत्यू घोषित करण्यात कसली मुक्ती?

वाशीकरांचे सामर्थ्य तुकारामांपेक्षा जिजाईत शोधावे. तुकारामांच्या मागे गाथा उभी आहे. जिजाईला संसाराची भाषा लेखकालाच द्यावी लागली. आजारी मुलाला घेऊन, हाती वहाण धरून देवाला जाब विचारणारी ही स्त्री संतचरित्राला भुकेचा प्रश्न विचारते. आपण तिला गौरीबाईंच्या अभिनयाचे यश मानतो, आणि ते आहेच. पण त्या अभिनयाला आधी एक वाक्य लागते.

स्वतःचे नाव सोडण्याचा अधिकार लेखकाला आहे. ते त्याच्या वतीने सोडून देण्याचा अधिकार समीक्षकाला नाही. लेखकाचे आत्मविलोपन हा त्याचा गुण असेल. आपले विस्मरण हा त्याचा गुण नव्हे, आपल्यावरचे ऋण आहे.