एक टक्क्याचा हिशेब

ऑस्ट्रेलियातल्या न्यू साउथ वेल्समधले पिलिगाचे जंगल पाच लाख हेक्टरांच्या आसपास आहे. गोमेरोई हे तिथले मूळ रहिवासी, पिढ्यान्‌पिढ्या तिथे राहत आले. कागदावर त्यातली बरीच जमीन सरकारी, आणि सरकारी म्हणजे कुणाचीच नाही ही समजूत तिथेही आहे. याच जंगलात सँटोस कंपनीला ८५० पर्यंत गॅसविहिरी खोदायच्या आहेत.

रोजगार आणि स्वस्त गॅसची आश्वासने जुनीच आहेत. संताप येतो तो एक टक्क्याच्या सबबीचा. कंपनी म्हणते, प्रकल्पाचे क्षेत्र ९५,००० हेक्टर, झाडे तोडायची ती जेमतेम १,००० हेक्टरांवर, मग ओरड कशाची? पण हे हजार हेक्टर एका कोपऱ्यात सलग नाहीत. प्रत्येक विहिरीला साफ केलेली जागा, तिथवर रस्ता, जोडीला पाइपलाइन, अशी जंगलभर चाळण होणार. मडक्याचे भोकही मडक्याच्या एक टक्का नसते; पाणी मात्र सगळे गळते.

खरे नुकसान तर हेक्टरांत मोजताच येत नाही. इथला गॅस कोळशाच्या थरात पाण्याच्या दाबाने धरलेला असतो. आधी ते पाणी उपसायचे, दाब उतरला की गॅस सुटतो. पाणी खारे, शुद्ध केले तरी मीठ मागे उरते. विहीर वरचे गोड्या पाण्याचे थर भेदून खाली जाते, म्हणून आसपासचे शेतकरीही गोमेरोईंच्या बाजूने उभे राहिले. २०११ मध्ये याच जंगलातल्या बिब्लविंडी इथे, आधीच्या कंपनीच्या काळात, सुमारे १०,००० लिटर खारे पाणी सांडले आणि झाडे करपली. उन्हाळ्यात आपल्या वाडीवर येतो तेवढा एक टँकर.

टक्केच मोजायचे तर २०१७ चेही मोजावेत. प्रकल्पाच्या पर्यावरण-अहवालावर तेव्हा सुमारे २३,००० निवेदने आली, जवळजवळ सगळी विरोधात. २०२० मध्ये अटी घालून मंजुरी मिळालीच.

१९९३ चा नेटिव्ह टायटल कायदा मूळ रहिवाशांना वाटाघाटीचा हक्क देतो, नकाराचा नाही. मार्च २०२२ मध्ये गोमेरोईंनी कंपनीचा प्रस्ताव प्रचंड बहुमताने फेटाळला. डिसेंबरमध्ये नेटिव्ह टायटल न्यायाधिकरणाने तरीही कंपनीची वाट मोकळी केली. हवामानबदलाचा मुद्दा विचारात न घेणे ही चूक होती, असे मार्च २०२४ मध्ये फेडरल न्यायालयाने ठरवले. मे २०२५ मध्ये न्यायाधिकरणाने पुन्हा कंपनीच्याच बाजूने निर्णय दिला.