स्वतःचीच भूमिका

नट आणि पात्र यांच्यात एक अंतर असते आणि ते प्रेक्षकांनीही मान्य केलेले असते, म्हणूनच खलनायकाचे काम चोख वठवणाऱ्या नटाची वाहवा होते आणि तिरस्कार पात्राच्या वाट्याला जातो. विसाव्या शतकाच्या अखेरीस नेदरलँड्सच्या दूरचित्रवाणीने मात्र असा माणूस मोठ्या प्रमाणावर पडद्यावर आणला, की ज्याला हे अंतरच उपलब्ध नव्हते, कारण त्याला स्वतःच्याच नावाने, स्वतःच्याच स्वभावानिशी वावरायचे होते.

जॉन द मोल यांच्या एंडेमॉल या निर्मितीसंस्थेचा 'बिग ब्रदर' हा कार्यक्रम १६ सप्टेंबर १९९९ रोजी व्हेरोनिका वाहिनीवर सुरू झाला. समुद्र हटवून मिळवलेल्या जमिनीवर वसलेल्या आल्मेरे या शहरात त्यासाठी एक घर उभारले गेले; एकमेकांना अनोळखी असलेली माणसे तेथे बाहेरच्या जगाशी संपर्क तोडून शंभराहून अधिक दिवस राहिली, आणि त्यांचे जेवण, भांडण, झोप, प्रेम असे सारे काही कॅमेरे टिपत राहिले. अखेरीस प्रेक्षकांनी बार्ट स्प्रिंग इन ट फेल्ट या तरुणाला विजयी ठरवले. तो नट नव्हता की गायक नव्हता; त्याची ओळख 'तो स्वतः' एवढीच होती.

परंतु पडद्यावरचे हे 'स्वतः' कितपत स्वतःचे असते? समाजशास्त्रज्ञ अर्व्हिंग गॉफमन यांनी दैनंदिन जीवनाचे विवेचन करताना दोन भाग कल्पिले होते : इतरांसमोर आपण जेथे नीटनेटके वागतो तो दर्शनी भाग, आणि जेथे ताण उतरवून मोकळे होतो तो पडद्यामागचा भाग. माणसाचे मानसिक स्वास्थ्य या दोहोंमधील ये-जा शाबूत राहण्यावर अवलंबून असते, असे या मांडणीच्या आधारे म्हणता येते. आल्मेरेच्या घरात पडद्यामागचा भागच उरला नव्हता. एकट्याने बसून मन मोकळे करण्याची जी खोली होती, तेथेही समोर कॅमेराच होता, त्यामुळे कबुलीसुद्धा प्रक्षेपणाचा ऐवज ठरत होती. शिवाय चोवीस तासांच्या जगण्यातून रोजचा छोटा भाग निवडणारे हात संकलकाचे होते, म्हणजे चित्रित साहित्याची काटछाट करून त्याला कथेचा क्रम देणाऱ्याचे. रुसवा ठेवला आणि समेट वगळला, तर तोच माणूस भांडखोर ठरतो. पडद्यावर एकही खोटे वाक्य नसते, तरीही एकूण चित्र खरे नसते.

सहभागी माणसे संमती देऊनच आत जातात, हा आक्षेप रास्त आहे. मात्र ती संमती चित्रित होण्याला असते. आपल्यातून कोणते पात्र कातले जाईल आणि ते किती वर्षे आपल्या नावाला चिकटून राहील, याची कल्पना सही करताना कोणालाच असू शकत नाही. विजेत्या बार्टने पुढे या कार्यक्रमातील सहभागाबद्दल उघडपणे खेद व्यक्त केला. लोकांनी निवडलेला माणूसच त्या निवडीला ओझे मानतो, ही गोष्ट प्रसिद्धीला निखळ बक्षीस समजणाऱ्या समजुतीला मुळातून हादरवणारी आहे.

हा साचा पुढे अनेक देशांत गेला. भारतात २००६ मध्ये हिंदी 'बिग बॉस' आणि २०१८ मध्ये त्याची मराठी आवृत्ती आली. मराठी आवृत्तीत बरेचसे सहभागी आधीपासून परिचित कलावंत असतात, आणि मालिकेतल्या भूमिकेने दिलेले संरक्षण सोडून ते त्या घरात शिरतात. म्हणून प्रेक्षकाचे कर्तव्य अधिक काटेकोर होते. एखाद्याच्या वागण्याबद्दल मत बनवण्याचा अधिकार त्याला आहे; परंतु संकलित तासाभरावरून संपूर्ण माणसाचा निवाडा करण्याचा अधिकार त्याला कोणत्याही वाहिनीने दिलेला नाही, तिला तो देताही येत नाही. स्वतःच्या नावाने पडद्यावर आलेल्या माणसालाही न दिसलेला असा एक भाग असतो, हे गृहीत धरणे ही सौजन्याची नव्हे, न्यायाची गोष्ट आहे.