माळी कोण, पाणी कोण?



आजचं चिंतन ज्ञानेश्वरीच्या बाराव्या अध्यायातल्या एका दृष्टान्तावर आहे. भक्ती कशी करावी हे अर्जुनाला सांगताना माऊलींनी बागेतल्या पाण्याचं उदाहरण घेतलंय. साध्या भाषेत सांगायचं तर, माळी पाटाला जिकडे वळण देईल तिकडे पाणी मुकाट्यानं जातं, माणसानं तसं व्हावं. त्याच्याच पुढे रथाचा दाखला येतो. रस्ता सरळ आहे की आडवा, याची रथ कधी खटपट करत नाही.

हा भाग मी दरवर्षी वाचतो आणि दरवर्षी "छान आहे" म्हणून पान उलटतो. यंदा मात्र तो एका कुंडीनं शिकवला.

काही वर्षांपूर्वी कंपनीच्या कामासाठी डेन्व्हरला होतो. तिथं कोलंबाइनची फुलं पहिल्यांदा बघितली. निळसर-पांढरी, प्रत्येक पाकळीला मागे लांब शेपटी. कोलोरॅडो राज्यानं १८९९ साली हेच आपलं राज्यफूल ठरवलं. थंड डोंगराळ भागातलं झाड. तेव्हापासून मनात होतं, हे आपल्या घरी लावायचं. गेल्या वर्षी बी मागवलं. या बियांना आधी थंडी भोगावी लागते, तेव्हाच त्या नीट रुजतात. म्हणून ओल्या फडक्यात गुंडाळून चार आठवडे फ्रिजमध्ये ठेवल्या. नोव्हेंबरात सांगलीच्या गॅलरीत पेरल्या. वर माती लोटली नाही, कारण रुजताना या बीला उजेड लागतो. सहा रोपं आली.

त्याच दिवसांत आई साताऱ्याहून आमच्याकडे राहायला आली होती. बाबा गेल्यावर अजिंक्यताऱ्याखालच्या त्या घरात तिला एकटं ठेवायला माझं मन धजेना. तिच्यासाठी सगळं केलं. वेगळी खोली, टीव्ही, बीपीच्या गोळ्यांचा फोनवर रिमाइंडर, दर दोन तासांनी "आई, काही हवंय का?" रोपांसाठीही रिमाइंडर होता, सकाळ-संध्याकाळ पाणी.

फेब्रुवारीत रोपं पिवळी पडून माना टाकायला लागली. मला वाटलं, ऊन वाढलंय, तहानली असतील. मी पाणी वाढवलं. ती आणखी मलूल झाली. मी आणखी पाणी घातलं.

आई एकदा गॅलरीत येऊन म्हणाली, "अरे, बोट घालून बघ की मातीत. वरनं काय कळतंय?"

बोट घातलं तर खाली नुसता चिखल. एक रोप उपटून बघितलं, मुळं काळी पडून कुजली होती. मंडळी, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. तहानलेलं झाड आणि मुळं कुजलेलं झाड वरून सारखंच दिसतं. दोन्ही माना टाकतात. कुजलेल्या मुळांना समोर पाणी असूनही ते पिता येत नाही. आपण मात्र तहान समजून ओततच राहतो. जास्त पाण्यानं काय होतं हे खरं तर सांगलीकराला सांगायला नको. आपल्या ऊस-हळदीला जगवणारी कृष्णामाईच ऑगस्ट २०१९ मध्ये लोकांच्या घरात शिरली होती.

त्या रात्री जेवताना आईकडे नीट बघितलं. तिचीही मान खाली होती. चार महिन्यांत तिचं बोलणं कमी झालं होतं आणि मी उत्तर म्हणून काळजी वाढवत होतो. धीर करून विचारलं, "आई, तुला इथं काय कमी पडतंय?"

ती म्हणाली, "कमी काही नाही रे. पण मला इथं काही कामच नाही. तिकडं सकाळी झाडांना पाणी घालायचं असतं, संध्याकाळी बायका हरिपाठाला वाट बघतात."

कोलंबाइनचं मूळ सरळ खोल जातं. वाढलेलं झाड उपटून दुसरीकडे लावलं तर ते सहसा धरत नाही. हे मी लागवडीच्या माहितीत वाचलं होतं. समोर बसलेल्या माणसाला मात्र ते लावून बघितलं नव्हतं.

इथं मला माऊलींचा दृष्टान्त उलगडला. इतकी वर्षं तो वाचताना मी स्वतःला माळ्याच्या जागी धरत होतो. कुणाला किती द्यायचं, कुणी कुठं वाढायचं, हे ठरवणारा मी. पण माऊली आपल्याला माळी व्हायला सांगतच नाहीत, पाणी व्हायला सांगतात. माळी तो एकच. पाण्यानं नेलं तिकडे जायचं, आणि माळ्यानं दारं मोडलं की थांबायचं. थांबणं हीसुद्धा सेवाच असते. माझी सेवा थांबायला तयार नव्हती, कारण तिच्यात आईपेक्षा माझी भीतीच जास्त होती.

चैत्रात आईला साताऱ्याला सोडून आलो. सहातलं एकच रोप वाचलं होतं. मुळाला धक्का नको म्हणून तिनं ते कुंडीसकट नेलं आणि पेरूच्या सावलीत ठेवलं. रोज बोट घालून बघते आणि माती कोरडी लागली तरच पाणी घालते.

सगळं छान झालं असं मी लिहिणार नाही. रोपाला फूल आलेलं नाही. पहिल्या वर्षी ते बहुधा येतही नाही, आणि आमच्याकडचा उन्हाळा त्याला सोसेल का, हेही माहीत नाही. रात्री फोन वाजला की अजून छातीत धस्स होतं, कारण सातारा अडीच-तीन तासांवर आहे. पूर्वी दिवसातून चार फोन करायचो, आता रात्री एकच करतो. गंमत म्हणजे आता बोलते ती, मी ऐकतो.

आजचा संकल्प : ज्याची काळजी वाटते अशा एका माणसाला आज काही देण्याआधी विचारू या. आणि त्याचं उत्तर आपल्याला गैरसोयीचं असलं, तरी ऐकू या.

पांडुरंगा, मला वाहायला शिकवलंस, तसं थांबायलाही शिकव.

राम कृष्ण हरी.